इंग्रज वसाहतवाले आणि त्यांचा सोन्याचा शोध: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

हे नक्की कोणाबद्दल आहे आणि कधीचं?

साधारण १५७६ ते १६२४ हा काळ धरा. इंग्लंड तेव्हा जगावर राज्य वगैरे करत नव्हतं, स्पेनच्या मानाने लहान आणि कर्जात असलेला देश होता. या काळात इंग्रजांनी अटलांटिकपलीकडे तीन-चार वेळा सोन्यासाठी धाव घेतली, आधी आर्क्टिकच्या बर्फात, मग आजच्या नॉर्थ कॅरोलिनाच्या किनाऱ्यावर रोआनोकला, मग दक्षिण अमेरिकेत ओरिनोको नदीवर आणि १६०७ मध्ये व्हर्जिनियात जेम्सटाउनला. जेम्सटाउन म्हणजे अमेरिकेतली पहिली टिकलेली इंग्रज वसाहत, म्हणून जास्त प्रश्न त्याच्याबद्दलच येतात आणि इथे पण जास्त जागा त्यालाच दिली आहे. कॅलिफोर्नियाचा १८४८ नंतरचा गोल्ड रश हा पूर्ण वेगळा विषय, तो इथे नाही.

तिथे सोनं आहे असं त्यांना वाटलंच कसं?

स्पेनमुळे. कोर्तेसने १५२१ पर्यंत मेक्सिको घेतलं, पिझारोने १५३२-३३ मध्ये इंका राजा अताहुआल्पाला पकडून खंडणी म्हणून खोलीभर सोनं उकळलं आणि तरी त्याला मारलंच, १५४५ मध्ये पोटोसीचा चांदीचा डोंगर सापडला, आणि मग दरवर्षी जहाजांचे तांडेच्या तांडे सोनं-चांदी भरून सेव्हिलला यायला लागले. हे सगळं इंग्लंडमधले लोक बघत होते, वाटेत ती जहाजं लुटत पण होते. मग हिशोब सरळ झाला की नवं जग एकच आहे, दक्षिणेत सापडलं तर उत्तरेत पण सापडणार. लंडनमध्ये १६०५ साली एक नाटक रंगमंचावर आलं, त्यात एक पात्र सांगतं की व्हर्जिनियात लोकांची भांडीकुंडी पण शुद्ध सोन्याची असतात. नाटकात ती थट्टा होती, पण थट्टा कळायला प्रेक्षकांच्या कानावर तशा गप्पा आधी पडलेल्या असाव्या लागतात ना.

त्यात भर म्हणजे त्यावेळी भूगर्भशास्त्र नव्हतंच. सोनं गरम देशात, सूर्याच्या उष्णतेने पिकतं असं मानणारे शिकलेले लोक होते. कुठल्या खडकात सोनं असू शकतं आणि कुठल्यात नाही हे सांगणारं कोणी नव्हतं.

जेम्सटाउनच्या आधी कोणी प्रयत्न केला होता का?

हो, आणि ती गोष्ट जेम्सटाउनइतकीच महत्त्वाची आहे, फक्त आपल्याकडे कोणी सांगत नाही.

मार्टिन फ्रोबिशर नावाचा खलाशी १५७६ मध्ये उत्तरेकडून चीनला जायचा रस्ता शोधायला निघाला आणि आजच्या कॅनडातल्या बॅफिन बेटावर पोचला. रस्ता मिळाला नाही, पण तिथून एक काळा दगड लंडनला आला. मोहिमेला पैसे लावणारा मायकेल लॉक हा व्यापारी, त्याने तो दगड तपासायला दिला, आधीच्या तपासनिसांनी सांगितलं यात काही नाही, मग जोव्हानी बात्तिस्ता अन्येलो नावाच्या इटालियन माणसाने त्यातून सोन्याची पूड काढून दाखवली, आणि दुसऱ्यांना का सापडलं नाही असं विचारल्यावर म्हणाला की निसर्गाला लाडीगोडी लावता यायला हवी. एवढ्यावर इंग्लंडच्या राणीपासून दरबाऱ्यांपर्यंत सगळ्यांनी पैसे ओतले. १५७७ मध्ये दुसरी मोहीम, राणीचे स्वतःचे १००० पौंड, परत येताना दीडशे-दोनशे टन दगड. १५७८ मध्ये तिसरी मोहीम, तब्बल १५ जहाजं, परत येताना ११०० टनांच्या वर दगड. खाणीशेजारी शंभर माणसं हिवाळाभर ठेवायची योजना होती, पण घराचं सामान घेऊन जाणारं एक जहाज बर्फाला आपटून बुडालं म्हणून ते रद्द झालं, नाहीतर ती शंभर माणसं तिथेच गेली असती.

केंटमधल्या डार्टफर्डला खास भट्ट्या बांधल्या. वर्षानुवर्षं वितळवून बघितलं. काही नव्हतं, तो साधा काळपट हॉर्नब्लेंडचा खडक होता. लॉकचं दिवाळं निघालं, तो कर्जापायी तुरुंगात गेला, आणि दगड शेवटी बांधकामात वापरले, डार्टफर्डच्या जुन्या भिंतीत ते आजही दिसतात.

पण मला या गोष्टीतलं सगळ्यात लागणारं ते नाही. १५७७ मध्ये फ्रोबिशरने तीन इनुइट लोकांना जबरदस्तीने पकडून इंग्लंडला नेलं, कालिचो नावाचा पुरुष, आर्नाक ही बाई आणि तिचं तान्हं बाळ नुटाक. तिघंही काही आठवड्यांच्या आत मेले, आधी ब्रिस्टलमध्ये कालिचो, लगेच आर्नाक, मग लंडनमध्ये ते बाळ. त्याच्या आदल्या वर्षी नेलेला इनुइट माणूस पण असाच मेला होता. आणि पुढे १८६१ मध्ये चार्ल्स फ्रान्सिस हॉल नावाचा अमेरिकन प्रवासी तिथे गेला तेव्हा इनुइट म्हाताऱ्यांनी त्याला सांगितलं की फार पूर्वी गोरे लोक आले होते, आधी दोन जहाजं, मग तीन, मग पुष्कळ. जवळजवळ तीनशे वर्षं, काही न लिहिता, पिढ्यानपिढ्या तोंडी जपलेली माहिती आणि ती बरोबर निघाली. इंग्लंडमध्ये तोवर खाणीची नेमकी जागा पण विसरली गेली होती.

आणि रोआनोकचं काय? ती हरवलेली वसाहत ना?

तीच, पण हरवलेले, म्हणजे ज्यांचा पुढे पत्ताच लागला नाही ते लोक १५८७ चे. त्याआधी १५८५ मध्ये वॉल्टर रॅली या राणीच्या मर्जीतल्या दरबाऱ्याने राल्फ लेनच्या हाताखाली एक तुकडी पाठवली होती आणि तिच्यात प्रागचा एक ज्यू धातुतज्ज्ञ होता, योआखिम गान्स. म्हणजे धातू शोधणं हा पहिल्या दिवसापासून योजनेचाच भाग. रोआनोकला उत्खननात मुशीचे तुकडे आणि वितळवलेलं तांबं सापडलं आहे. लेन स्थानिक लोकांकडून ऐकलेल्या तांब्याच्या देशाच्या शोधात नदीने आत गेला, खायचं संपलं, शेवटी सोबतचे कुत्रे मारून खाल्ले आणि परत आला.

व्हर्जिनिया कंपनीला खरंच सोनंच हवं होतं का?

सोनं हवं होतं, आणि इतर पण बरंच. १० एप्रिल १६०६ ला राजा पहिल्या जेम्सने सनद दिली. त्यात सोन्या-चांदीचा पाचवा हिस्सा आणि तांब्याचा पंधरावा हिस्सा राजाला द्यायचा असं स्पष्ट लिहिलं आहे. राजाने एक पैसा न घालता हिस्सा ठरवून घेतला. कंपनी म्हणजे शेअर विकून पैसे उभे केलेली खाजगी संस्था, तिच्या भागधारकांना परतावा लवकर हवा, आणि त्यात पॅसिफिक समुद्राकडे जायचा रस्ता शोधा, लाकूड पाठवा, काच बनवा, रोआनोकचे लोक शोधा अशा सूचनांची भली मोठी यादी.

माझं म्हणणं असं की जेम्सटाउनच्या लोकांना नुसतं लोभी म्हणून सोडून देणं चूक आहे. ते लोभी होतेच, पण त्यांना तिथे पाठवणाऱ्यांनी आधीच ठरवलं होतं की परत येणारं जहाज रिकामं येता कामा नये. पीक यायला वर्ष लागतं, सोनं काय, उचललं की भरलं. त्यामुळे शेतकरी कमी गेले आणि जंटलमन म्हणवणारे जास्त, पहिल्या १०४ जणांत निम्म्याच्या आसपास असे होते ज्यांनी आयुष्यात कुदळ धरली नव्हती.

पहिल्याच उन्हाळ्यात सोनं सापडल्याची बातमी गेली होती हे खरं का?

खरं. तीन जहाजं, सुझन कॉन्स्टंट, गॉडस्पीड आणि डिस्कव्हरी, डिसेंबर १६०६ मध्ये लंडनहून निघाली आणि मे १६०७ मध्ये जेम्स नदीतल्या एका दलदलीच्या बेटवजा जागेवर लोक उतरले. कॅप्टन ख्रिस्तोफर न्यूपोर्ट जूनमध्ये परत निघाला तेव्हा सोबत मातीचा नमुना होता. ऑगस्टमध्ये लंडनला सर वॉल्टर कोपने राजाचा मंत्री लॉर्ड सॅलिसबरीला उत्साहाने कळवलं की सोनं मिळालं, आणि दुसऱ्याच दिवशी पुन्हा लिहिलं की शहरातल्या जाणकारांनी चार वेळा तपासलं, सगळं वाफ होऊन गेलं. बारा ऑगस्ट आणि तेरा ऑगस्ट, एका दिवसाचं अंतर.

मग तिथेच विषय संपायला हवा होता. संपला नाही.

१६०८ मध्ये नेमकं काय झालं? पुस्तकांत 'गोल्ड फीव्हर' म्हणतात ते हेच का?

हेच. जानेवारी १६०८ च्या सुरुवातीला न्यूपोर्ट पहिली रसद घेऊन आला तेव्हा १०४ मधले अडतीसएक जण जिवंत होते. बाकीचे हगवण, विषमज्वर, उपासमार आणि बाणांनी गेलेले. आणि या जहाजातून कोण उतरलं तर माणसं शंभरच्या आसपास, त्यात सोनार, धातू शुद्ध करणारे आणि एक जवाहिऱ्या. कंपनीने खड्ड्यात गेलेल्या वसाहतीला हे कारागीर पाठवले. थोड्याच दिवसांत किल्ल्याला आग लागली, झोपड्या, कपडे, धान्य बरंचसं जळालं, कडाक्याची थंडी, आणि अशा अवस्थेत लोक माती खणायला लागले.

वसाहतीच्या म्होरक्यांपैकी एक असलेल्या जॉन स्मिथने लिहून ठेवलंय की तेव्हा दुसरं बोलणं नाही, दुसरी आशा नाही, दुसरं काम नाही, सोनं खणा, सोनं धुवा, सोनं गाळा, सोनं भरा. कॅप्टन जॉन मार्टिन हा त्यातला मुख्य, त्याला पक्की खात्री होती. आणि याचा खरा फटका कुठे बसला तर जेवणात. जहाज चौदा दिवसांत परत जाऊ शकलं असतं ते चौदा आठवडे थांबलं, त्या सगळ्या काळात खलाशी वसाहतीसाठी आणलेलं मांस, लोणी, तेल, दारू खात-पीत बसले आणि उरलेलं चढ्या भावाने विकत पण होते. शेवटी १० एप्रिलला न्यूपोर्ट माती भरून निघाला. स्मिथचा शब्द 'मुलामा दिलेली माती'. लंडनला तपासलं, काही निघालं नाही.

त्याच एप्रिलमध्ये फिनिक्स नावाचं मागे राहिलेलं जहाज येऊन पोचलं, मार्टिन म्हणाला यात पण तीच माती भरू, स्मिथ अडून बसला आणि देवदाराचं लाकूड भरलं. मार्टिन त्याच जहाजाने परत गेला. इतक्या गोंधळात एक माणूस विकायला येईल असा माल भरा म्हणून भांडला ही गोष्ट मला महत्त्वाची वाटते.

मग ती चकाकणारी वस्तू होती काय?

बहुतेक अभ्रकाचे सोनेरी कण किंवा पायराइट, म्हणजे लोखंड आणि गंधकाचं खनिज. जेम्सटाउनच्या आसपास सगळा किनारी गाळाचा प्रदेश आहे, वाळू, चिकणमाती, शंखशिंपले, नदीने वरून वाहून आणलेला अभ्रक. ओल्या वाळूत उन्हात तो खरंच सोन्यासारखा चमकतो. नदीच्या वाळूत हे बघितलेल्या माणसाला वेगळं सांगायला नको.

घरच्या घरी ओळखायचं असेल तर असं: सोनं ठोकलं की पसरतं, पायराइट ठोकलं की फुटतं. सोन्याची रेघ पिवळी येते, पायराइटची हिरवट काळी. पायराइट तापवलं की गंधकाचा वास येतो. आणि सोनं भलतंच जड, पाण्याच्या एकोणीस पट, पायराइट पाच पट. अभ्रक तर नखाने सोलून पापुद्रा निघतो.

हे त्यांना तेव्हा कळत नव्हतं का? तपासायची पद्धत नव्हती?

कळत होतं, पद्धत उत्तम होती आणि तत्त्वतः आज पण तीच वापरतात. खडकाची पूड करायची, मुशीत शिशाबरोबर वितळवायची, सोनं-चांदी शिशात उतरतं. मग ते शिसं हाडांच्या राखेच्या छोट्या वाटीत भट्टीत ठेवायचं, शिशाचं ऑक्साइड होऊन ती वाटी ते शोषून घेते आणि शेवटी वाटीच्या तळाशी सोन्या-चांदीचा मणी उरतो. नाही उरला तर खडकात काही नव्हतं. जेम्सटाउनच्या उत्खननात जर्मनीतल्या हेसे भागातल्या मुशी आणि या हाडराखेच्या वाट्या दोन्ही मिळाल्या आहेत, म्हणजे तपासण्या तिथेच होत होत्या. आपल्याकडे सराफ कट्ट्यावरची धूळ धुऊन, गाळून, मुशीत घालून त्यातलं सोनं काढणारे झारेकरी आहेत, त्यांना ही प्रक्रिया वाचून काही नवल वाटणार नाही.

अडचण दोन ठिकाणी होती. एक म्हणजे वापरलेल्या शिशातच किंचित चांदी असायची, तेवढा मणी उरायचा आणि मग तो खडकातून आला असं वाटायचं. आणि दुसरी मोठी अडचण म्हणजे तपासणाऱ्यावर दबाव, त्याचा पगार, त्याचं नाव, मालकाची आशा हे सगळं त्या मण्यावर टांगलेलं. फ्रोबिशरच्या वेळी तर 'नाही' म्हणणारे बाजूला पडले आणि 'हो' म्हणणारा सापडेपर्यंत दगड फिरवला गेला. चूक भट्टीत नव्हती, कोणाचं ऐकायचं यात होती.

लोक सोन्यामुळे उपाशी मेले असं म्हणणं बरोबर आहे का?

अर्धं बरोबर. सोन्याच्या मागे १६०८ चे महत्त्वाचे महिने गेले हे खरं, पण जेम्सटाउनच्या मरणाची कारणं बरीच होती. झाडांच्या खोडातल्या वार्षिक कड्यांचा अभ्यास १९९८ मध्ये प्रसिद्ध झाला, त्यातून दिसलं की १६०६ ते १६१२ ही त्या भागातली ७७० वर्षांतली सगळ्यात कोरडी सात वर्षं होती. म्हणजे हे लोक भयंकर दुष्काळात उतरले. पाऊस नाही म्हणून नदीत समुद्राचं खारं पाणी वर आलं, तेच पीत होते. स्थानिक लोकांकडेच मका कमी होता, ते ह्यांना किती देणार. मराठवाड्यातल्या माणसाला हे लगेच समजेल, सलग दुष्काळात गावाचं गावपण कसं ताणलं जातं ते.

सगळ्यात वाईट १६०९-१० चा हिवाळा, त्याला 'स्टार्व्हिंग टाइम' म्हणतात. किल्ल्यात तीनशेच्या आसपास माणसं होती, वसंतात साठच उरली. घोडे, कुत्रे, उंदीर, चामडं सगळं खाल्लं. २०१२ मध्ये उत्खननात चौदाएक वर्षांच्या एका इंग्रज मुलीची कवटी मिळाली, तिच्यावर मांस काढल्याच्या खुणा आहेत, पुढच्या वर्षी ते जाहीर झालं. संशोधकांनी तिला जेन म्हटलंय, तिचं खरं नाव माहीत नाही. हे वाचताना सोन्याचा विषय पूर्ण मागे पडतो.

जॉन स्मिथ सांगतो त्यावर किती विश्वास ठेवायचा?

सावधपणे. सोन्याच्या वेडाचं जे चित्र आपल्याकडे आहे ते बरंचसं स्मिथ आणि त्याच्या मित्रांच्या लिखाणातून आलंय, आणि स्मिथचं मार्टिन, न्यूपोर्ट सगळ्यांशी वाकडं होतं. आपण एकटे शहाणे आणि बाकी सगळे ऐदी असं त्याला दाखवायचं होतंच. शिवाय तो १६०९ मध्ये जखमी होऊन परत गेला तो पुन्हा व्हर्जिनियात आला नाही.

१९९४ पासून विल्यम केल्सो आणि त्यांच्या टीमने किल्ल्याची जागा खणायला घेतली. तोपर्यंत किल्ला नदीने खाऊन टाकला असंच मानत होते, तो सापडला. त्यातून दिसतं की लोक नुसते बसून नव्हते, तांब्याचे कातरलेले तुकडे हजारोंनी मिळालेत, काचेचे प्रयोग, लोहारकाम, मासेमारीचं सामान. तांब्याचे तुकडे अशासाठी की तिथल्या लोकांना तांब्याची किंमत होती आणि त्याच्या बदल्यात मका मिळायचा. तरी पहिल्या रसदेबरोबर इतके सोनार आणि गाळणारे का पाठवले याचं उत्तर उत्खनन बदलत नाही, त्या नावांची यादी स्पष्ट आहे. त्यामुळे स्मिथचा राग बाजूला ठेवला तरी मूळ गोष्ट उभी राहते.

तिथल्या मूळ लोकांना सोनं माहीत होतं का?

त्यांच्या जगात सोन्याला जागा नव्हती, तांब्याला होती. या प्रदेशाला ते त्सेनाकोमाका म्हणायचे, तीसएक जमातींचा समूह, अंदाजे १४-१५ हजार लोकसंख्या, वर प्रमुख वाहुनसेनाका, ज्याला इंग्रज पॉव्हाटन म्हणायचे. पोकाहोंटासचे वडील. लाल तांबं हे मान, सत्ता आणि धर्माशी जोडलेलं, ते पश्चिमेकडच्या मोनाकन लोकांच्या वाटेने यायचं आणि त्यांच्याशी वैर होतं. म्हणून इंग्रजांकडून तांबं मिळणं पॉव्हाटनच्या फायद्याचं होतं, पण जहाजी लोकांनी चोरून-मारून इतकं तांबं वाटलं की भाव कोसळला आणि मूठभर मक्यासाठी पूर्वीच्या कित्येक पट द्यावं लागायला लागलं. मग निळ्या काचमण्यांवर गाडी आली.

हा हुशार राज्यकर्ता होता. इंग्रज हे व्यापारासाठी आलेले नाहीत, जमिनीसाठी आलेत हे त्याने पहिल्या दोन वर्षांतच तोंडावर सांगितलं असं स्मिथच लिहितो. १६०८ च्या शेवटी कंपनीने न्यूपोर्टला परत पाठवलं, सोबत एक मुकुट, पॉव्हाटनला राजा म्हणून अभिषेक करा आणि सोन्याचा गोळा किंवा समुद्राचा रस्ता यातलं काहीतरी घेऊनच या. मुकुट घालायला तो वाकेना. त्यानंतर न्यूपोर्ट शंभरावर माणसं घेऊन धबधब्यांच्या वर मोनाकन प्रदेशात चाळीसएक मैल गेला, थोडी चांदी असेल असा अंदाज घेऊन हात हलवत परत.

वॉल्टर रॅलीचा एल डोराडोशी काय संबंध?

रॅली स्वतः उत्तर अमेरिकेत कधी गेलाच नाही, तो गेला दक्षिणेत. १५९५ मध्ये ओरिनोको नदीने आत शिरला, एल डोराडो म्हणतात ते सोन्याचं शहर मानोआ शोधायला. शहर नव्हतं. परत येऊन त्याने फार उत्साहाने लिहिलं. पुढे राजाने त्याला राजद्रोहाच्या आरोपाखाली तेरा वर्षं लंडनच्या टॉवर या किल्ल्यात कैदेत ठेवलं, मग सोन्याच्या आशेनेच सोडलं, अट एकच की स्पॅनिश लोकांना हात लावायचा नाही. १६१८ च्या जानेवारीत त्याच्या माणसांनी सान तोमे या स्पॅनिश ठाण्यावर हल्ला केला, त्यात रॅलीचा मुलगा वॉट मेला, मोहिमेचा म्होरक्या लॉरेन्स कीमिसने आत्महत्या केली, आणि रॅलीचं डोकं २९ ऑक्टोबर १६१८ ला उडवलं. त्या भागात सोनं होतं हे मात्र खरं, एकोणिसाव्या शतकात व्हेनेझुएलातल्या एल कायाओला मोठ्या खाणी निघाल्या.

मग जेम्सटाउन टिकलं कशावर?

तंबाखूवर. जॉन रॉल्फने १६१२ च्या सुमारास कॅरिबियन भागातलं गोड तंबाखूचं बी लावलं, स्थानिक तंबाखू इंग्रजांना कडू लागायची. १६१७ मध्ये २० हजार पौंड, म्हणजे सुमारे ९ हजार किलो तंबाखू इंग्लंडला गेली आणि मग रस्त्यारस्त्यांत पण लोक तंबाखू लावायला लागले. याच रॉल्फचं १६१४ मध्ये पोकाहोंटासशी लग्न झालं.

पण याला सुखाचा शेवट समजू नका. तंबाखू जमिनीचा कस खाते, दर काही वर्षांनी नवी जमीन लागते, ती पॉव्हाटन लोकांची. मार्च १६२२ मध्ये त्यांनी मोठा हल्ला केला, ३४७ वसाहतवाले मेले, त्यानंतर इंग्रजांनी वर्षानुवर्षं त्यांची शेतं जाळली. आणि तंबाखूला हात लागतात. ऑगस्ट १६१९ मध्ये व्हाइट लायन जहाजातून वीसएक आफ्रिकन माणसं पॉइंट कम्फर्टला उतरवून धान्याच्या बदल्यात विकली. कंपनीची सनद १६२४ मध्ये रद्द झाली, भागधारकांना काही मिळालं नाही.

व्हर्जिनियात खरंच सोनं नव्हतं का?

होतं! फक्त त्यांनी जिथे खणलं तिथे नाही. राज्याच्या मधल्या पठारी भागातून सोनं आणि पायराइटचा पट्टा जातो, गारगोटीच्या शिरांमध्ये सोनं असतं. थॉमस जेफरसनने रॅपाहॅनॉक नदीजवळच्या चारएक पौंड वजनाच्या खनिजाची नोंद केली आहे, त्यातून २६ ग्रॅमच्या आसपास, म्हणजे अडीच तोळे सोनं निघालं. १८०० नंतर तिथे खाणी चालल्या. नकाशा बघितला तर १६०८ च्या शेवटी न्यूपोर्ट रिचमंडच्या वर जितका आत गेला तो या पट्ट्याच्या बऱ्यापैकी जवळ गेला होता. पण कठीण खडकात अडकलेलं ते सोनं त्यांच्या हत्यारांनी आणि उपाशी माणसांनी निघालं असतं असं मला वाटत नाही.

त्याआधी १७९९ मध्ये नॉर्थ कॅरोलिनात बारा वर्षांच्या कॉनराड रीडला ओढ्यात १७ पौंडांचा गोळा मिळाला, घरच्यांनी तो तीन वर्षं दाराला टेकू म्हणून वापरला आणि १८०२ मध्ये एका सराफाने साडेतीन डॉलरला घेतला. आणि १८२९ च्या सुमारास जॉर्जियात डलोनेगाला सोनं निघालं, ते चेरोकी लोकांच्या जमिनीत. १८३८ मध्ये त्यांना सैन्य लावून पश्चिमेला हाकललं, वाटेत आणि छावण्यांत सुमारे ४ हजार मेले. सोनं सापडलं तर मूळ रहिवाशांचं काय होतं याचं उत्तर इथे आहे, म्हणून व्हर्जिनियात ते सापडलं नाही याबद्दल हळहळ वाटून घेऊ नये.

आपल्या इकडे याचा काही संबंध येतो का?

येतो, आणि ओढूनताणून नाही. माणसं तीच होती. सर थॉमस स्मिथ हा ईस्ट इंडिया कंपनीचा पहिला गव्हर्नर आणि व्हर्जिनिया कंपनीचा खजिनदार, म्हणजे कारभारी. जेम्सटाउनला माती भरणारा कॅप्टन न्यूपोर्ट नंतर ईस्ट इंडिया कंपनीत गेला आणि १६१७ मध्ये जावातल्या बांटमला वारला. सर थॉमस रो आधी १६१०-११ मध्ये ॲमेझॉन आणि गयानाच्या किनाऱ्यावर फिरून आला, मग १६१५ मध्ये सुरतेला उतरला आणि खानदेशातून बऱ्हाणपूरमार्गे जहांगीराच्या दरबारात अजमेरला पोचला.

फरक असा की इकडे त्यांना सोनं लुटायला मिळेल अशी आशाच नव्हती, उलट आपलं कापड, नीळ, मिरी घ्यायला त्यांना स्वतःची चांदी आणून मोजावी लागायची. आणि मुंबईची एक गंमत आहे. २७ मार्च १६६८ ला दुसऱ्या चार्ल्सने मुंबई बेट कंपनीला दिलं ते वर्षाला १० पौंड सोन्यात भाडं घेऊन, आणि जमीन कशी धरायची याचं कलम होतं 'ईस्ट ग्रीनिचच्या जहागिरीप्रमाणे'. १६०६ च्या व्हर्जिनियाच्या सनदेत पण हेच कलम आहे. केंटमधल्या त्याच जहागिरीच्या नावावर कागदोपत्री जेम्सटाउन पण आणि माझगाव-परळ पण.

बघायला जायचं असेल तर?

मराठी मंडळी वॉशिंग्टन आणि रिचमंडच्या बाजूला भरपूर आहेत, त्यांना तर गाडीने एका दिवसात होतं. विल्यम्सबर्गजवळ दोन वेगळ्या जागा आहेत आणि लोक हमखास गोंधळतात. हिस्टॉरिक जेम्सटाउन ही खरी जागा, इथे किल्ल्याची रेषा, चालू असलेलं उत्खनन आणि संग्रहालयात तांब्याचे तुकडे वगैरे बघायला मिळतात. जेम्सटाउन सेटलमेंट ही शेजारी उभारलेली प्रतिकृती, इथे तिन्ही जहाजांच्या हुबेहूब प्रतिकृती आहेत, त्यावर चढता येतं, मुलांना हेच आवडतं. वेळ एकाचाच असेल तर माझं मत खऱ्या जागेला. उन्हाळ्यात डास भयंकर असतात, दलदल अजून आहे, पाणी आणि टोपी घेऊन जा. लंडनला राहणाऱ्यांनी ट्रेनने डार्टफर्डला जाऊन फ्रोबिशरच्या काळ्या दगडांची भिंत बघावी, तिकडे फारसं कोणी जात नाही.